विमलचे कॅरेट

सन दोन हजार आठ. माझं वय चौऱ्याहत्तर. टोमॅटोला पाणी देत होतो, तेवढ्यात धाकटा भाऊ बांधावरून ओरडला, "आबा, विमल गेली..." विमल माझी सून. कावीळ झाली अन् आठ दिवसांत संपली. संध्याकाळी अग्नी दिला.

मी दुसरी शिकलो, पण खोटं लिहीत नाही. माझा पोरगा संजय कारगिलच्या लढाईत गेला. त्यानंतर तिला नावानं कोणी हाक मारली नाही, मीसुद्धा नाही. वीरपत्नी म्हणून स्टेजवर बसवायचे. शेजारी मी, फेटा बांधून. दोन वर्षांनी ती म्हणाली, "आबा, मी नाय येत. टोमॅटो बांधायचेत." मला राग आला. पण मळा तिनंच उभा केला, पिकअप चालवायला शिकली.

टोमॅटो भरायची प्लास्टिकची कॅरेट मार्केटात हरवू नयेत म्हणून त्यांच्यावर रंगानं नाव टाकतात. आमच्यावर मी संजयचं टाकलेलं. शहिदाचा माल म्हणून व्यापारी वरवर बघून बोली लावायचे. हे मला ठाऊक होतं... एकदा खाली नरम माल भरला. कोणी चकार शब्द काढला नाही. घरी येऊन ती म्हणाली, "खालचा माल तुम्ही भरला ना? त्यांना कळलं, आबा. तरी बोलले नाय. कीव करतात आपली."

दुसऱ्या दिवशी तिनं रॉकेलनं सगळी कॅरेट घासली, वर लिहिलं, विमल. मी ताट सरकवलं. "माझ्या पोराचं नाव पुसलं!" ती म्हणाली, "पुसलं नाय. बाजारातून घरी आणलं."

मी मार्केटला जायचं सोडलं. भाऊ येऊन सांगायचा, आता व्यापारी कॅरेटात कोपरापर्यंत हात घालतात अन् ही त्यांना ऐकवते, "मामा, टोमॅटो घेताय का पोरगी बघताय? किती दाबता!" मला हसू यायचं. दाखवलं नाही. सात वर्षं तिच्या कॅरेटला हात लावला नाही.

ती गेली त्या दिवशी माल लाल होऊन उभा होता. भाऊ म्हणाला, "आबा, सुतकात बाजार?" म्हटलं, "टोमॅटो थांबतील का?"

दुसऱ्या दिवशी सकाळी तिचीच कॅरेट भरली, भावाबरोबर पिकअपमध्ये बसून मार्केटला गेलो. व्यापाऱ्याला कळलेलं होतं. त्यानं वरचे दोन टोमॅटो बघितले, मान खाली घातली अन् भाव बोलायला लागला. मी त्याचं मनगट धरलं. म्हटलं, "विमलचा माल हाय. खालपर्यंत हात घाल."