गंजीमागचा फुफाटा

लग्न होऊन मी नालवाडीहून वडनेरला आले, तेव्हा मला पावलं ओळखू यायची ती फक्त माणसाची आणि बैलाची. माझे सासरे, म्हणजे मामाजी, मात्र शेताकडे जाणाऱ्या पांदणीच्या धुळीत बघून सांगायचे, इथून रोही गेला, इथे ससा बसला होता. आमच्या बाबांनी पेपर वाचावा तशी ते पांदण वाचत.

शहात्तर सालचा उन्हाळा असेल. शेजारच्या काकांची बकरीची दोन पिल्लं लागोपाठ गेली आणि संशय आला आमच्या कुत्र्यावर. आणखी एक गेलं तर त्याला विष घालीन, असं ते अंगणात उभं राहून सांगून गेले. बोलतील तसं करणारा माणूस. संध्याकाळी मामाजींनी दोन्ही घरांमधला बोळ साफ करून त्यावर बारीक धूळ भुरभुरली. जे येईल त्याचे पाय उमटतील, असा त्यांचा हिशेब. मी चुलीपाशी होते, मला काहीच ठाऊक नव्हतं.

नव्या सुनेनं सगळ्यांआधी उठावं म्हणून मी उठले, आणि अंगणासोबत तो बोळही झाडून लख्ख केला. वर सडा घातला. आता कोणी कौतुक करतं का, म्हणून रेंगाळले.

तेवढ्यात शेजारी ओरड झाली, तिसरं पिल्लूही गेलं. मामाजी आले, ओल्या बोळाकडे बघून मटकन खालीच बसले.

"बाई, तू तं साक्षीदारच झाडून टाकला," एवढंच म्हणाले. रागावले असते तर बरं वाटलं असतं. कुत्रं बिचारं त्यांच्यापाशी शेपूट हलवत होतं.

मग ते उठून बोळाच्या टोकाला, जळणासाठी रचलेल्या पऱ्हाटीच्या गंजीमागे गेले. तिथवर माझा खराटा पोचलाच नव्हता. मी कंटाळा केला होता. फुफाट्यात ठसे होते, पुढचा पाय मोठा, मागचा लहान. तडस. कुत्र्याचे पाय असे नसतात, हे काकांनाही वाकून बघितल्यावर कबूल करावं लागलं.

सासूबाईंचं लक्ष मात्र माझ्याकडे. "गंजीमागचं काऊन राह्यलं झाडाचं?"



"मीच सांगतलं होतं तिले, तेवढं राहू दे म्हणून," मामाजी म्हणाले.

धुळीतलं नख न नख खरं सांगणारा माणूस माझ्यासाठी चारचौघांत चक्क खोटं बोलला. त्या दिवशी ते घर मला माझं वाटलं.

गंजीमागे मी पुढेही कधी झाडलं नाही. सासूबाईंनीही पुन्हा विचारलं नाही.