चिकटलं तर हाड

रस्त्याकडेचा पांढरा तुकडा ती उचलायची, पँटला पुसायची आणि सरळ जिभेच्या टोकाला लावायची. "चिकटलं तर हाड, नाही तर दगड," असं वर आम्हालाच शिकवायची. आता सांगा, अशा बाईला तुम्ही घरी चहाला बोलवाल?

मी बोलवायचे, पण तिचा कप वेगळा ठेवून. तेव्हा मी साठीची तरुणी होते, पुण्याहून परदेशी, न्यू लिनला मुलाकडे नुकतीच आलेली, आणि जगातलं सगळं मला कळत होतं.

ती शेजारीण मूळची झिंबाब्वेची, पुरातत्त्व शिकलेली. तिकडे जुन्या दगडी भिंती उकरताना गावातल्या बायांनी तिला विचारलं म्हणे, "मेलेल्यांच्या विहिरी शोधतेस, आमची कधी खणशील?" तेव्हापासून ती मेलेल्यांसाठीही खणायची आणि जित्यांसाठीही. इथेही तेच. आठवडाभर पेनरोज भागात बिल्डरांच्या बुलडोझरपुढे चालत जमिनीत जुनं काही आहे का ते तपासायची आणि शनिवारी जवळच्या हॉलमध्ये आम्हा परदेशातून आलेल्या बायकांना गोळा करायची. तेही फुकट! मला तिथेच शंका आली.

माझ्या नातीचं, इराचं ऐकून तीही मला "आजी" म्हणायची. स्वतःचे केस माझ्याहून पांढरे!

हॉलमागची पडीक जागा तिने खटपट करून आमच्या भाजीसाठी मिळवली. प्रत्येकीला एक वाफा. मुलाच्या घरात सगळं होतं, माझं म्हणावं असं काही नव्हतं. त्या वाफ्यात मी मनातल्या मनात मेथी पेरूनही टाकली.

पहिल्या सकाळी आम्ही दोघीच लवकर पोचलो. मी कुदळ मारली, तर खाली काळ्या राखेत शिंपलेच शिंपले. ती गुडघ्यांवर बसली. त्या दिवशी तिने जिभेला काहीही लावलं नाही.

"इथल्या मूळ रहिवाशांची, माओरी लोकांची जुनी चूल आहे ही," ती हळूच म्हणाली. "काम बंद."

"कुणी बघितलं नाहीये. बुजवून टाकू."

"तुम्ही बघितलंत की, आजी."

झालं! बाग बारगळली. मी घरोघर फोन फिरवले. "बिल्डरने फितवलंय तिला. शिंपले तिनेच पुरले असणार!"

"आजी, दॅट्स सो मीन," इरा म्हणाली.

"तू गप्प बस. तुला माणसं कळत नाहीत."

तिने एकदाही सफाई दिली नाही. इथल्या माओरी मंडळींकडे मात्र बागेसाठी विचारायला जात राहिली. शेवटी त्यांच्यातल्या एक आजीबाई आल्या, शिंपल्यांपाशी उभं राहून प्रार्थना म्हणाल्या आणि आमच्याकडे वळल्या. "खाली हात लावू नका. वर माती आणा."

मग फळ्यांचे उंच वाफे झाले, बाहेरून माती आली, माझी मेथी उगवली. पहिली जुडी मी तिलाच दिली. तरी विचारलंच, "पण यात तुम्हाला काय मिळतं?"

"मेथी," ती म्हणाली.

मागच्या हिवाळ्यात ती मायदेशी परत गेली. कुठल्याशा गावची विहीर अर्धी राहिली होती म्हणे. तिच्या त्या वेगळ्या कपातून हल्ली मीच चहा पिते.

परवा पावसाने वाफ्याशेजारची जमीन वाहून गेली आणि पांढरं काहीतरी दिसलं. मी ते उचलणार होते, जिभेलाही लावणार होते. ती खोड आता मलाही लागली आहे. पण मागोमाग काळी राख दिसली. मी हात आवरला, खुरपं खाली ठेवलं आणि ओरडले, "थांबा गं सगळ्या!"

सुरतहून नवीनच आलेली एक बाई कुदळ हातात धरून माझ्याकडे बघत राहिली. ती नजर मी बरोबर ओळखली. ही आज घरोघर फोन फिरवणार.