अविनाशचं बेसमेंट आणि एकवीस तारा

फेब्रुवारीतल्या त्या सकाळी मी व्हिटबीत ड्राइव्हवेवरचा बर्फ शोव्हल करत होतो, तेव्हा सुषमावहिनींचा फोन आला. त्या ब्रॅम्पटनला लेकीकडे होत्या. "भाऊजी, ह्यांनी स्वतःच ॲम्ब्युलन्स बोलावली... हॉस्पिटलला पोचेपर्यंत सगळं संपलं." कुणालाही त्रास न देता अविनाश गेला, याचं मला नवल वाटलं नाही. राग मात्र आला, आणि तो अजून पुरता गेलेला नाही.

नागपूरचा हा माझा मित्र दिवसा सॉफ्टवेअर लिहायचा आणि उरलेल्या वेळात स्कारबरोच्या घरातल्या बेसमेंटमध्ये निव्वळ हौसेने लोकांचं संगीत रेकॉर्ड करायचा. तरुणपणी सतार शिकलेला. कान इतका तयार की शेजाऱ्यांची डोअरबेल बेसूर आहे म्हणून अस्वस्थ व्हायचा. रेकॉर्डिंगआधी तो घर तापवणारा फर्नेस बंद करी, मग फ्रीज, कारण त्याची घरघर माइकमध्ये येते. फ्रीज परत चालू करायचं विसरू नये म्हणून गाडीची किल्ली आत दह्याच्या डब्यावर ठेवी. बाहेर पडायचं तर फ्रीज उघडावाच लागे. या प्रकाराची मी वर्षानुवर्षं यथेच्छ टिंगल केली.

२०१६च्या हिवाळ्यात सेकू आला. मूळचा माली देशातला, इथे स्कूल बस चालवणारा. मोठ्या भोपळ्यावर कातडं मढवलेलं एकवीस तारांचं वाद्य, कोरा, तो वाजवायचा. घराण्यात पिढ्यान्‌पिढ्या तेच. त्याचा मामेभाऊ द्रिसा न्गोनी नावाचं छोटं तंतुवाद्य घेऊन मालीतल्या बामाकोहून आला होता आणि दुसऱ्या दिवशी परत जाणार होता. दोघांचा अल्बम त्या एका दिवसात व्हायचा होता. खोलीतली हवा वाद्याला मानवावी म्हणून सेकू कोरा आदल्या दिवशीच ठेवून गेला... आणि इथे आमच्या महाशयांनी घोळ घातला.

सकाळी ते दोघं यायच्या आत अविनाशने पेटी काढली, कोऱ्याच्या तारा एकेक छेडून पाहिल्या आणि चार तारा उतरल्यात असं ठरवून टाकलं. त्या तारा कातडी कड्यांनी ताणलेल्या असतात. तासभर खपून, बोटं सोलून त्याने त्या 'सुरात' आणल्या. मी शेजारी बसून चहा पीत होतो. मीही त्याला अडवलं नाही.

सेकूने वाद्य मांडीवर घेतलं, एकदा छेडलं आणि थांबला. "माय फादर्स ट्यूनिंग," एवढंच म्हणाला. त्या तारा उतरलेल्या नव्हत्याच, बापाने त्या तशाच लावायला शिकवलं होतं. अविनाशचा चेहरा पांढराफटक पडला. "आय ॲम सो सॉरी, सेकू. आय थॉट..." सेकूने हात वर केला आणि अविनाशने लावलेल्या तारा तशाच राहू दिल्या. "लिसनिंग मॅन, नो? लेट इट टॉक फर्स्ट." द्रिसा हसला आणि त्याने आपली न्गोनी त्या परक्या ट्यूनिंगला जुळवून घेतली.

मग ते दोघं वाजवू लागले, आधी कधीच न वाजवलेलं काहीतरी. गोधडी पांघरून मी कुडकुडत होतो, ते विसरलो. सेकूची बोटं चुकीच्या तारेपाशी येत, जराशी अडखळत आणि तिथूनच नवी वाट काढत. द्रिसा त्या वाटेवर त्याच्या आधी जाऊन उभा असे. एवढ्या मोठ्या मनाचं संगीत मी आयुष्यात दुसऱ्यांदा ऐकलेलं नाही. नंतर सेकूने तारा पूर्ववत लावल्या आणि संध्याकाळपर्यंत बाकीचा अल्बम पुरा झाला.

ती पहिली रचना त्यांनी शेवटी घातली. अविनाश अल्बम सगळ्यांना कौतुकाने ऐकवायचा, पण शेवटचा ट्रॅक आला की बंद करायचा. "माझी चूक आहे रे त्यात, नाही ऐकवत." तीन वर्षं हेच चाललं. मी चिडायचो, समजावायचो. सेकूनेही फोन करून सांगून पाहिलं, पण हा पठ्ठ्या ऐकेना.

तो गेल्यावर तीन दिवसांनी वहिनी घरी परतल्या. मी बरोबर होतो. किचनमध्ये आंबूस वास कोंडला होता. "फ्रीज पण आत्ताच बिघडायचा होता," त्या म्हणाल्या. गाडीची किल्लीही कुठे सापडत नव्हती. मी फ्रीज उघडला. आत अंधार होता, आणि दह्याच्या डब्यावर किल्ली होती.

मी खाली बेसमेंटमध्ये गेलो. माइक कपाटात होते, म्हणजे रेकॉर्डिंग नव्हतं. सीडी प्लेअर तेवढा चालू होता, आणि त्याच्या काचेवर शेवटच्या ट्रॅकचा आकडा थांबलेला होता.