साडूंची मोरोक्कन कोंबडी

जगातली कुठलीही वस्तू पहिल्या फटक्यात पास करायची नाही, असा पण करून जन्माला आलेला एकच माणूस मी आजवर पाहिला, आणि तो नेमका माझा साडू निघाला. माझ्या बायकोच्या थोरल्या बहिणीचे हे यजमान. धारला राहतात. पीथमपुरातल्या एका मोटारींच्या कारखान्यात त्यांनी तीस वर्षं तपासनिसाचं काम केलं. समोर येणारा प्रत्येक सुटा भाग उचलायचा, व्हर्नियरनं मोजायचा आणि केसाएवढा फरक दिसला की लाल खडूनं फुली मारून बाजूला टाकायचा. शिफ्टची बस संध्याकाळी त्यांना धारच्या नाक्यावर सोडायची, पण तो खडू काही त्यांच्या हातातून सुटायचा नाही. सकाळी पोह्यांच्या गाडीवर उभे राहिले की पहिला घास खायच्या आधी म्हणणार, "भिया, आज शेव नरम है." पोहेवाला न बोलता दुसरी शेव काढायचा. माझ्या लग्नात थोरले जावई म्हणून त्यांना मानाची खुर्ची दिली होती. ती सोडून ते मांडवाचा एकेक खांब हलवून बघत हिंडले. पाचवा खांब हातात आला आणि कापड बँडवाल्यांच्या डोक्यावर उतरलं. सगळे आरडाओरडा करत होते आणि हे गृहस्थ समाधानानं माझ्याकडे बघून म्हणाले, "मास्तर, वेळेवर लक्षात आलं, नाहीतर अक्षता पडताना पडला असता." तेव्हापासून मी त्यांचा 'मास्तर'. मी देवासला शाळेत गणित शिकवतो, आणि माझ्या गणितावरही त्यांचा फारसा विश्वास नाही.

पण या माणसाला नुसता खोडकाढू म्हणणं खरं नाही. एकदा आम्ही दोघं बाग नावाच्या गावी, लाकडी ठशांनी छापलेल्या चादरी घ्यायला गेलो होतो. दुकानदारानं वीस चादरी उलगडल्या. साडूंनी चष्मा कपाळावर चढवून तासभर फुलं तपासली, आणि शेवटी एका चादरीच्या कोपऱ्यात ठसा जरासा तिरका पडलेला सापडला, तर तीच चादर विकत घेतली. मी विचारलं तर म्हणाले, "इथं त्याचा हात दुखला असेल. मशीनचा हात दुखत नाही." ती चादर त्यांनी बायकोला दिली. त्यांची बायको, म्हणजे आमच्या अक्का, चौतीस वर्षं त्यांच्या ताटासमोर बसून "मीठ अर्धी चिमूट जास्त" हे ऐकत आल्या होत्या. हसून म्हणायच्या, "मला तेवढं पास केलंन्, नशीब माझं."

अक्का गेल्या त्या चार दिवसांच्या तापानं. घरात राहिले साडू आणि त्यांची एकुलती एक मुलगी, सई. सई औषधांच्या कारखान्यात, तीही तपासणीच्याच खात्यात. वर्षभरानं तिला कंपनीनं मोरोक्कोला, कासाब्लांकाला जायला सांगितलं. बढती होती. तिनं बापाला विचारलं तेव्हा ते भिंतीवरचं घड्याळ दुरुस्त करत होते. मान वर न करता म्हणाले, "जायचं तर जा. मग मला फोनबिन करायची गरज नाही." दुसऱ्या कुणाच्या मुलीनं हे रागातलं बोलणं म्हणून सोडून दिलं असतं. पण ही त्यांचीच मुलगी. शब्द मोजून घेतला आणि तंतोतंत पाळला. दोन वर्षं बापलेकीत एक अक्षर नाही. ती माझ्या बायकोला फोन करायची, बापाचं सगळं विचारून घ्यायची. साडू आमच्याकडे आले की मी मुद्दाम तिचा विषय काढायचो, तर ते पंख्याकडे बघून म्हणायचे, "याचं बेअरिंग गेलंय."

जेवणाचे त्यांचे हाल चालले होते. डबा लावला. पहिल्या बाईंच्या पोळ्या एका मापाच्या नाहीत, दुसऱ्या बाईंच्या भाजीत तेल तरंगतं, तिसऱ्या बाईंनी स्वतःच रामराम ठोकला. मग हे शेव, ब्रेड आणि चहा यांवर दिवस काढू लागले. गेल्या पावसाळ्यात छातीत दुखायला लागलं. शेजाऱ्यांनी इंदूरला नेलं, तिथं हृदयाच्या रक्तवाहिनीत एक नळी घातली. मी पोहोचलो तेव्हा ते पडल्या पडल्या सलाइनचे थेंब मोजत होते आणि नर्सबाईंना सांगत होते, "अभी ठीक है, मगाशी थोडे तेज थे." डॉक्टरांनी बजावलं, तेल कमी, भाज्या भरपूर, कोंबडी चालेल पण साधी, आणि बाहेरचं खाणं बंद.

त्याच दिवशी सईचा मला फोन आला. रडून आवाज बसला होता. म्हणाली, "मावसाजी, मी एक रेसिपी भेजते. इथं रोजच्या जेवणात करतात, अर्ध्या तासात होते, तेल पण कम लागतं. त्यांना बनवायला लावा. पण माझं नाव नका घेऊ, नाव ऐकलं की ते करणार नाहीत."

मी शनिवारी बस बदलून धारला गेलो. सांगितलं, बायकोनं कुठूनतरी ही कृती मिळवली आहे. साडूंनी माझा मोबाइल घेतला, हात लांब करून वाचला आणि पहिली फुली मारली. "कोंबडीत दालचिनी? आणि मनुका? ही कोंबडी आहे की शिरा?" मग पुढे वाचून, "आणि लिहिणारीचं मराठी कच्चं आहे. 'गाजर मोटे-मोटे काटायचे' म्हणे. गाजर चिरतात. कळवा तिला." मी म्हटलं, कळवतो. "आणि मोटे म्हणजे किती? मिलिमीटरमध्ये विचारा." मी मुकाट्यानं लिहिलं. पाच मिनिटांत उत्तर आलं, 'पंधरा.' साडूंनी कपाटातून व्हर्नियर काढला, धुतला, आणि गाजर चिरायला बसले.

गाजरं झाल्यावर कोंबडी आणायला आम्ही बाजारात गेलो, तेव्हा दुकानदारानं विचारलं, "बाबूजी, क्या बनेगा? तरीवाला?" साडू म्हणाले, "एक चम्मच तेल में बनेगा." तो सुरी थांबवून बघतच राहिला. "भिया, ऐसा मुर्गा तो बीमार खाता है." "बीमार ही हूँ," साडू म्हणाले, आणि तुकडे सारखे होत नाहीत म्हणून त्याला दोनदा पुन्हा कापायला लावले.

ती अर्ध्या तासाची कोंबडी त्या दिवशी पावणेचार तासांत झाली. गाजरं पंधरा मिलिमीटरची, दुधी पंधराचा, टोमॅटो मोजताना फुटला म्हणून तीन टोमॅटो बाद. कांदा-लसूण चमचाभर तेलात परतायचा, त्यात जिरं, धणे, हळद, दालचिनी, थोडी लाल मिरची. मग कोंबडी, भाज्या, शिजवलेले काबुली चणे, मूठभर मनुका, आणि झाकण. तिथं याबरोबर रव्यासारखं काहीतरी खातात, त्याऐवजी दलिया चालेल असं कृतीत लिहिलं होतं. दर टप्प्याला साडूंचा प्रश्न, माझं टाइप करणं, आणि तिकडून उत्तर. "लिहिणाऱ्या बाईंना विचारा, मनुका आधी धुवायच्या का?" "त्या बाईंना विचारा, चणे किती शिट्ट्या?" माझा अंगठा दुखायला लागला. शेवटी वरून लिंबू पिळून, कोथिंबीर घालून ताटं वाढली. साडूंनी एक घास खाल्ला. दुसरा खाल्ला. मी वाट बघत होतो. ते काहीच बोलले नाहीत. चौतीस वर्षं अक्कांना जे ऐकायला मिळालं नाही ते, म्हणजे शांतता, मी ऐकली. पानातली शेवटची मनुकाही त्यांनी बोटानं टिपून खाल्ली.

पुढच्या शनिवारी मी गेलो तेव्हा सगळी तयारी करून ते माझीच वाट बघत होते. मसाल्याचा डबा उघडून त्यांनी त्यातला छोटा चमचा काढला आणि माझ्यापुढे धरला. चमच्याचा दांडा लाल होता.

"मास्तर, कृतीत काय लिहिलंय वाचा. जिरं-धण्याची पूड किती?"

मी वाचलं, "लाल दांड्याच्या चमच्यानं दोन."

"हा चमचा सईच्या आईनं तिच्या बारशाच्या वेळी घेतला होता. असा चमचा धारमध्ये आणखी कुणाच्या घरात असेल तर मला दाखवा."

चोरी पकडलेल्या पोरासारखा मी ओट्याला टेकून उभा राहिलो. म्हटलं, "म्हणजे गेल्या वेळीच तुम्हाला कळलं होतं?"

"वाचल्याबरोबर."

"मग मला इतकं टाइप का करायला लावलंत? सरळ तिला फोन करायचा."

ते सुरी पुसत राहिले. मग म्हणाले, "तिनं खाली नाव लिहिलं नाही. फोनबिन करू नको असं मीच सांगितलं होतं. आता मी कुठल्या तोंडानं फोन करू?"

स्वयंपाक सुरू झाला. कोंबडीवर झाकण पडलं. दहा मिनिटांनी साडू म्हणाले, "विचारा त्यांना, पाणी सुटलंय, झाकण काढू का?" मी टाइप केलं नाही. सरळ फोन लावला, आवाज मोठा केला, मोबाइल मिठाच्या बरणीला टेकवून ठेवला आणि मागच्या अंगणात जाऊन उभा राहिलो. साडू "अहो मास्तर" म्हणून ओरडले, पण तोवर तिकडून फोन उचलला गेला होता.

"मावसाजी? बोला."

आत बराच वेळ फक्त कढईचा खदखदाट ऐकू येत होता.

"मावसाजी?"

"पाणी सुटलंय," साडू म्हणाले. "दहा मिनिटं झाली. झाकण काढू?"

मला वाटलं फोन कटला. मग तिचा आवाज आला, अगदी बारीक. "नका काढू. गॅस कमी करा, बाबा."

"केला."

"पाच मिनिटं अजून."

"बरं."

"बाबा, गोळी घेतली?"

"सकाळची घेतली. संध्याकाळची जेवणानंतर आहे." मग जरा थांबून, "तुझ्याकडे आत्ता किती वाजलेत?"

"अडीच."

"जेवलीस?"

याच्या पुढचं मी ऐकलं नाही. ऐकण्यासारखंही नव्हतं, कारण दोघंही रडत होती आणि मध्येमध्ये दुधी किती शिजला याबद्दल बोलत होती. त्या दिवशी कोंबडी तळाला लागली. आम्ही ती तशीच खाल्ली.

त्यानंतर माझी गरज संपली. रोज संध्याकाळी सात वाजता साडू ओट्यावर मोबाइल उभा करायचे आणि सईशी बोलत स्वयंपाक करायचे. कधी कोंबडी, कधी नुसत्या भाज्या आणि चणे. डिसेंबरात ती बारा दिवसांच्या रजेवर आली. पहिल्या दिवशी त्यांनी तिला तीच कोंबडी करून घातली. ती एक घास खाऊन म्हणाली, "बाबा, दालचिनी ज्यादा झाली." माझी बायको दचकली. साडूंच्या चेहऱ्यावर मात्र असा आनंद मी त्यांच्या बढतीच्या दिवशीही पाहिला नव्हता. "जास्त झाली म्हण," ते म्हणाले, आणि तिच्या पानात आणखी वाढलं.

बारा दिवस कसे गेले कळलं नाही. तिला सोडायला मीही इंदूरच्या विमानतळावर गेलो होतो. साडूंनी तिच्या बॅगेची चाकं फिरवून बघितली, कुलूप ओढून बघितलं, तिकिटावरचं नाव दोनदा वाचलं. ती पाया पडली आणि आत गेली. काचेतून दिसेनाशी झाली तरी ते उभेच होते.

परतताना घाटाबिल्लोदला आम्ही चहाला थांबलो. दुपार कलली होती, रस्त्यावरून शिफ्टच्या बसगाड्या चालल्या होत्या. साडू ग्लास हातात घेऊन त्या बसांकडे बघत राहिले.

"मास्तर," ते म्हणाले, "आता ती रोज काय जेवते ते मला ठाऊक असतं. पण त्या दोन वर्षांत ती तिथं एकटी काय जेवत होती, ते मी विचारलंच नाही."

"आता विचारा," मी म्हणालो.

"विचारलं काल. म्हणाली, आठवत नाही बाबा." त्यांनी ग्लास बाकावर ठेवला. "आठवत असणार तिला."

मी पैसे द्यायला उठलो. मागं वळून पाहिलं तर ते गाडीत जाऊन बसले होते आणि मांडीवर मोबाइल धरून, अजून उडालंही नसेल अशा विमानातल्या मुलीला सावकाश, एकेक अक्षर शोधत काहीतरी लिहीत होते.