दाव्यात नसलेली गोष्ट

इंदूरमधली मिल बंद झाली तेव्हा बाबा पंचेचाळिशीच्या पुढे गेले होते. साचेखात्यात, मागांवर, आयुष्य गेलेलं, दुसरं काम येत नव्हतं. घर मिलच्या बाजूच्याच वस्तीत. पुढच्या खोल्यांत मोठे काका, मागे आम्ही. काका सरकारी कचेरीत बाबू, त्यांचं ठीक चाललं होतं. बाबांनी मागच्या खोलीत पिठाची चक्की टाकायचं ठरवलं. विजेच्या जोडणीला मालकाची सही लागते आणि रजिस्ट्री काकांच्या नावावर होती, म्हणून ते काकांकडे गेले.

"सही नाही देणार," काका म्हणाले. "इथे कॉम्प्लेक्स बनणार आहे. बिल्डरशी बोलणं झालंय. तू दुसरीकडे बघ."

"दादा, घर दोघांचं आहे ना?"

"कागद बघून घे."

हे घर आजोबांनी छत्रीबागेतली आपली जुनी जागा विकून घेतलं होतं. बाबा तेव्हा लहान होते, आजोबांची तब्येत ढासळलेली. पुढे अडचण नको म्हणून त्यांनी रजिस्ट्री मोठ्या मुलाच्या नावावर केली. हे तिन्ही भावंडांना ठाऊक होतं. तिसरी माझी आत्या, देवासला दिलेली. तिने स्वतःसाठी कधी काही मागितलं नव्हतं.

बाबांनी वाटणीचा दावा लावला. वकिलांच्या टेबलाशी बसून त्यांनी ही सगळी हकीकत सांगितली, मी शेजारीच होते. वकील मान हलवत राहिले. दाव्यात मात्र एवढंच उतरलं, की मकान पुश्तैनी, म्हणजे वडिलोपार्जित, आहे, वादीला त्याचा हिस्सा तोडून मिळावा. बाबांनी सही केली.

तारखा पडत राहिल्या. माझं कॉलेज संपलं, मला नोकरी लागली, तेव्हा कुठे साक्षी सुरू झाल्या. काकांनी शपथेवर सांगितलं, घर आपल्या कमाईचं. बाबा त्यांच्याकडे बघत होते, काका खाली बघत होते.

मग आत्या उभी राहिली. यजमान नको म्हणत असताना ती आली होती. तिने छत्रीबागेच्या जागेपासून सारं सांगितलं. मध्येच थांबून काकांना म्हणाली, "दादा, तुझ्यासमोर बोलतेय. खोटं असेल तर टोक मला."

काकांचे वकील उठले. "साहब, ये पूरी कहानी दावे में कहीं है ही नहीं."

न्यायाधीशांनी दावा चाळला. खरंच नव्हती. आमच्या वकिलांनी धावपळ करून दावा दुरुस्तीचा अर्ज दिला, तो नामंजूर झाला. साक्षी सुरू झाल्या आहेत, हे आधीच सांगता आलं असतं, असं कोर्टाचं म्हणणं.

बाहेर व्हरांड्यात काका आत्याजवळून गेले आणि न थांबता म्हणाले, "आजपासून तुला माहेर नाही."

दावा फेटाळला गेला. वकील म्हणाले, "बहनजी सच बोलीं, पर जो दावे में लिखा नहीं, उसकी गवाही अदालत नहीं देखती. पुश्तैनी लिखा था. कैसे पुश्तैनी, वो रह गया."

"मी तर तुम्हाला सगळं सांगितलं होतं," बाबा म्हणाले.

"बताया होगा, भिया," ते म्हणाले आणि पुढच्या पक्षकाराकडे वळले.

आत्याला निकाल समजावून सांगायला मी देवासला गेले. तिने दोनदा विचारलं, "पण मी खरं बोलले ना?" मी हो म्हटलं. "मग?"

आम्ही शहरातच भंवरकुआं भागात भाड्याच्या खोलीत आलो. बाबा मुलांच्या एका होस्टेलवर चौकीदार झाले. अपील करता येईल, असं कुणीतरी सुचवलं. बाबा म्हणाले, "तिला पुन्हा साक्षीला उभी करणार नाही मी." तिकडे घर पाडलं गेलं. बाबा त्या रस्त्याने कधी गेले नाहीत.

काही वर्षांनी आत्या आजारी पडली. शेवटी शेवटी ती मोठ्या भावाला बोलवा म्हणायची. बाबांनी मला काकांकडे पाठवलं. काकांनी नव्या फ्लॅटच्या दारातच ऐकून घेतलं आणि म्हणाले, "बघतो."

ते आले ते सरळ देवासच्या स्मशानात. एका बाजूला उभे राहिले. बाबा उठून त्यांच्याजवळ गेले, म्हणाले, "तिने तुझी वाट पाहिली." चितेला अग्नी दिल्यावर काकांनी स्कूटर काढली. आम्ही बसने इंदूरला परतलो. बाबांची ड्यूटी होती.