आमचे वाकडे-सान

मी त्याला पहिल्यांदा पाहिलं ते उलटं. टोकियोच्या एदोगावातल्या आमच्या इमारतीच्या मागे सायकली लावायची जागा होती. एका सकाळी सायकल काढायला गेले, तर एक धिप्पाड गोरा माणूस माझ्याकडे पाठ करून, पाय फाकवून, कमरेत पूर्ण वाकून उभा. त्याचं डोकं त्याच्याच गुडघ्यांमधून माझ्याकडे बघत होतं. त्या लालबुंद उलट्या चेहऱ्याने मला अत्यंत अदबीने सकाळचं "ओहायो गोझाइमास" म्हटलं, मी बाजूला होईपर्यंत थांबला, आणि पुढच्याच क्षणी त्याच्या पायांमधून एक लांबट चेंडू सुटून कठड्यावर वाळत घातलेल्या गादीवर धप्पकन आदळला.

संध्याकाळी श्रीकांतला, म्हणजे माझ्या नवऱ्याला, हे सांगितलं. तो हसून म्हणाला, "तळमजल्यावर नवीन आलाय तो. त्याचं आडनाव वाकडे असायला हवं." झालं. तेव्हापासून आमच्या घरात तो वाकडे. खरं नाव रॉय. पुढे ओळख झाल्यावर आम्ही त्याला या नावाचा अर्थ सांगितला, तर तो एवढा खूश झाला की आम्हाला फोन करताना "वाकडे-सान बोलतोय" अशीच सुरुवात करायचा. स्वतःच्या नावाला सान, म्हणजे आपलं 'राव', लावायचं नसतं, हे त्याला शेवटपर्यंत पटलं नाही.

नव्वदच्या दशकातली मधली वर्षं होती ती. एदोगावात तेव्हा मराठी घरं दोन-चारच. श्रीकांत कॉम्प्युटरच्या नोकरीसाठी आला आणि त्याच्या व्हिसावर मी. पुण्यात मी फिजिओथेरपिस्ट होते, पण इथे त्या कागदाला किंमत नव्हती. स्टेशनजवळ ओकाबे सेन्सेई नावाच्या वयस्कर हाडवैद्यांचा दवाखाना होता, तिथे मी अर्धवेळ जायचे. टॉवेल गरम करायचे, पेशंटना नावाने हाक मारायची, एखादा परदेशी आलाच तर त्याचं बोलणं सेन्सेईंना समजावून सांगायचं. पहिल्याच दिवशी सेन्सेईंनी बजावलं होतं, "मेधा-सान, तपासायचं काम माझं." वाकडे तिथे खांदा शेकायला येऊ लागला आणि मग एक दिवस आमच्या घरी चहाला.

तो अमेरिकन फुटबॉल खेळायचा, तोही पोटापाण्यासाठी. एका मोठ्या कंपनीने आपल्या संघासाठी त्याला आणलं होतं, आणि दवाखान्यात त्याचं बोलणं मीच समजावते म्हणून संघाने त्याची दुभाषी म्हणून माझं नाव लिहून घेतलं होतं. या खेळात लाथेपेक्षा हाताला काम जास्त, पण मधूनच चेंडू पायाने मारायची वेळ येते. तेवढ्यापुरते वेगळे खेळाडू मैदानात येतात. वाकडे त्यांतला, स्नॅपर. खाली वाकून पायांमधून चेंडू मागे फेकायचा, सात-आठ पावलांवर किंवा पंधरा पावलांवर उभ्या असलेल्या माणसाच्या नेमका हातात. एक सेकंदसुद्धा लागता कामा नये. बाकी धावणं नाही, झेलणं नाही. एका सामन्यात फार तर दहा वेळा त्याला आत बोलवायचे. "एवढंच?" मी विचारलं होतं. तो म्हणाला, "एवढंच. म्हणून तर कुणाला चुकलेलं खपत नाही."

त्याचं आणखी एक म्हणणं होतं. ते तो तक्रारीच्या सुरात कधी बोलला नाही. "चांगल्या स्नॅपरचं नाव कुणाला माहीत नसतं, डॉक." मी डॉक्टर नाही हे मी त्याला किती वेळा सांगितलं, पण मी डॉकच राहिले. अमेरिकेत तो सहा मोसम तीन संघांकडून खेळला होता आणि त्या सहा वर्षांत वर्तमानपत्रात त्याचं नाव एकदाही आलं नाही. मग एका ओल्या दुपारी त्याच्या हातून चेंडू निसटला आणि मागच्या खेळाडूच्या डोक्यावरून गेला. सामना गेला. दोन दिवसांनी त्याचं कपाट रिकामं करून सामान दाराशी ठेवलं होतं. "त्या दिवशी टीव्हीवर दर अर्ध्या तासाने माझं नाव," तो म्हणाला, "आणि उच्चारही अगदी बरोबर." मग मोठ्याने हसला. आम्ही हसलो नाही, तेव्हा तोही थांबला.

बोटं हे त्याचं दैवत. उजव्या हाताने तो बरणीचं झाकण उघडायचा नाही, थंडी पडायच्या आधी हातमोजे घालायचा, आणि सोफ्यावर बसला तरी बोटं कशाशी तरी चाळा करत असायची. एकदा मी कणीक मळत होते. तो बघत उभा राहिला आणि म्हणाला, "हे मी करू?" तेव्हापासून दर रविवारी सरावाहून परतताना तो आमच्याकडे यायचा आणि चौघांच्या पोळ्यांची कणीक एकटा मळायचा. अराकावा नदीच्या काठच्या मैदानावरची माती त्याच्या कानामागे तशीच असायची, हात मात्र कोपरापर्यंत धुतलेले. इतकी मऊ कणीक मला आजही जमत नाही. आठ पोळ्या खायचा. चौथा माणूस म्हणजे मोरिता-सान.

मोरिता-सान हा संघाचा किकर. कंपनीत माल पाठवायच्या विभागात काम करायचा. हडकुळा, चष्मेवाला, अगदी कमी बोलणारा. वाकडेने फेकलेला चेंडू एक जण झेलून जमिनीवर उभा धरायचा आणि मोरिता-सान तो लाथेने दोन उंच खांबांमधून मारायचा, की गुण. दोघांची भाषा एक नव्हती. वाकडेचं जपानी नमस्कारापलीकडे गेलं नाही, मोरिता-सानचं इंग्रजी तर त्याहून तोकडं. तरी दोघं शेजारी बसून तासभर पोळ्या खायचे. एकदा मोरिता-सान मला म्हणाला, "रॉय-सान आल्यापासून चेंडू मारताना माझ्या पोटात गोळा येत नाही." मी ते वाकडेला इंग्रजीत सांगितलं. तो उठला आणि बाहेर सायकलींपाशी जाऊन उभा राहिला. बऱ्याच वेळाने आत आला.

तिसऱ्या वर्षी उन्हाळ्यात कंपनीने कळवलं की या मोसमानंतर संघ बंद. दिवस मंदीचे होते, एकेका कंपनीचे संघ मिटत चालले होते. बाकीचे सगळे नोकरदार. ते सोमवारी आपापल्या टेबलाशी परत बसणार होते. वाकडेचं टेबल फक्त नावापुरतं. त्याला कंपनीत इंग्रजी पत्रं तपासायला बसवलं होतं, आणि ती आठवड्याला जेमतेम दोन. पस्तिशी उलटलेल्या स्नॅपरला आता कुठलाही संघ घेणार नव्हता. हे त्याला माहीत होतं, आम्हालाही. तो एवढंच म्हणाला, "म्हणजे अजून सात सामने."

चार झाले. त्यानंतरच्या रविवारी तो कणीक मळायला उभा राहिला आणि मी पोळपाट काढत होते. मागे वळून बघते तर तो डाव्या हाताने मळत होता. उजवा हात परातीच्या कडेला नुसता टेकवलेला. मी विचारलं तर म्हणाला, "झोपताना अवघडला." मी म्हटलं, "इकडे बस."

स्वयंपाकघरातल्या स्टुलावर बसवून मी त्याला तपासलं. कोपर सरळ करायला सांगितलं आणि माझ्या हाताने विरोध केला. डाव्या हाताला माझा जोर पुरला नाही, उजवा मी दोन बोटांनी मागे ढकलला. मान एका बाजूला वळवली तर खांद्यापासून अंगठ्यापर्यंत वीज गेल्यासारखी झाली आणि तो दचकला. हे खांद्याचं दुखणं नव्हतं, मानेचं होतं. मणक्यांमध्ये काहीतरी नसेवर दाबत होतं. पुण्यात असते तर त्याला त्या क्षणी पट्टा लावून फोटो काढायला पाठवलं असतं.

"खेळायचं नाही," मी म्हटलं. "उद्याच संघाच्या डॉक्टरांना दाखव."

"दाखवलं तर ते थांबवतील."

"थांबवायलाच हवं. तुम्ही लोक डोकं खाली घालून उभे असता आणि समोरचा धावत येऊन आदळतो. एक धक्का नीट बसला तर..."

"डॉक, तीन सामने राहिलेत." त्याने माझ्याकडे पाहिलं नाही, परातीकडे पाहत होता. "सगळ्यांना एक दिवस थांबायचंच असतं. मला फक्त कुणी न हाकलता थांबायचंय. एकदा." मग हळूच म्हणाला, "आणि तू मला तपासलेलंच नाहीस. तुला इथे परवाना कुठे आहे? तू मला कणीक मळताना पाहिलंस, बस."

तो हे माझ्या काळजीने बोलत होता, मला अडकवायला नाही. पण त्याने मला एक दार उघडून दिलं आणि मी त्यातून निघून गेले. श्रीकांत त्या दिवशी म्हणाला, "मेधा, तू संघाच्या डॉक्टरांना सांग." मी म्हटलं, "तो काय लहान आहे का? त्याला कळतं." खरं कारण मी श्रीकांतलाही सांगितलं नाही. सेन्सेईंनी बजावलेलं मनात होतं, व्हिसा मनात होता, आणि त्याहून जास्त त्याचं ते "एकदा" मनात होतं.

एवढ्यावर थांबले असते तरी बरं. त्याची दोन बोटं चेंडूवर ठरेनात, तेव्हा ती टेपने नीट बांधायची कशी हे मीच त्याला दाखवलं. पुढच्या दोन्ही सामन्यांच्या सकाळी मी स्वतः बांधून दिली. दोन्ही वेळा त्याचा एकही चेंडू वाकडा गेला नाही. दुसऱ्या सामन्यानंतर मला वाटू लागलं की निभावेल.

शेवटच्या सामन्याला आम्ही दोघं गेलो होतो. नोव्हेंबर संपत आला होता, ऊन होतं, कंपनीतली माणसं डबे घेऊन, घोषणा द्यायला म्हणून आली होती. गुण सारखे होते आणि घड्याळात काही सेकंद उरले होते. मोरिता-सानला आत पाठवलं. वाकडे चेंडूवर वाकला. श्रीकांत मोरिता-सानकडे बघत होता, सगळं स्टेडियम मोरिता-सानकडे बघत होतं. मी वाकडेकडे बघत होते. चेंडू सुटला, सरळ आणि वेगात. त्याचं डोकं अजून खालीच होतं, तेवढ्यात समोरून दोघं त्याच्यावर आले.

चेंडू खांबांमधून गेला. सामना जिंकला. सगळा संघ मोरिता-सानच्या अंगावर पडला, लोक उभे राहून ओरडत होते, श्रीकांतने मला मिठी मारली. वाकडे जिथे वाकला होता तिथेच पालथा पडून होता. मी ओरडत होते की त्याला हलवू नका, कुणी उचलू नका. त्या गोंगाटात माझं मराठी कुणाला कळणार? मी मराठीत ओरडत होते हे मला श्रीकांतने नंतर सांगितलं. सगळ्यांत आधी मोरिता-सानला दिसलं. गळ्यात पडलेली माणसं ढकलून तो धावत परत आला आणि त्याच्याजवळ गुडघ्यांवर बसला.

हॉस्पिटलमध्ये त्याची मान दोन्ही बाजूंनी आवळून ठेवली होती. डोळे फक्त हलत होते. मला बघून त्याने पहिला प्रश्न विचारला, "गेला का?" मी म्हटलं, "गेला. अगदी मधोमध." त्याने डोळे मिटले आणि म्हणाला, "मला दिसत नाही ना कधी."

मग डॉक्टर आले. जपानी आणि इंग्रजी दोन्ही येणारं तिथे दुसरं कुणी नव्हतं, म्हणून मला थांबायला सांगितलं. डॉक्टरांनी शांतपणे विचारलं, "याआधी हाताला मुंग्या येणं, शक्ती कमी होणं, असं काही होत होतं का, हे त्यांना विचारा." मी विचारलं. वाकडेने माझ्याकडे पाहिलं. त्या नजरेत मला कुठे ठपका सापडला असता तर बरं झालं असतं. तो स्पष्ट आवाजात म्हणाला, "नाही. कधीच नाही. कुणाला कळण्यासारखं काही नव्हतंच."

डॉक्टर माझ्याकडे बघत होते. मी त्याचं उत्तर जपानीत सांगितलं. शब्द न् शब्द. डॉक्टरांनी ते लिहून घेतलं.

त्याचे पाय थोडे परत आले. आधार दिला तर उभा राहू शकायचा. हात आले नाहीत. मोरिता-सान कामावरून सुटला की रोज यायचा, त्याला चमच्याने जेवू घालायचा, आणि दोघं पूर्वीसारखेच न बोलता बसायचे. एकदा जिन्यात मला गाठून मोरिता-सान म्हणाला, "तो चेंडू मी चुकवला असता तर मला आज बरं वाटलं असतं." मी त्यालाही काही सांगितलं नाही.

जानेवारीच्या शेवटी त्याची मोठी बहीण रूथ त्याला न्यायला आली. निघायच्या सकाळी मी दवाखान्यात सुट्टी टाकून गेले. काय बोलायचं ते ठरवून गेले होते, रूथसमोर बोलायचं असंही ठरवलं होतं. तो स्ट्रेचरवर होता, पांघरूण हनुवटीपर्यंत. मी सुरुवात केली, "रॉय, मला तुला..." तर तो म्हणाला, "वाकडे-सान म्हण, डॉक. शेवटचं." मी म्हटलं. तो हसला. गाडीचं दार लागलं.

नंतर वर्षातून एखादं पत्र यायचं, तो सांगायचा आणि रूथ लिहायची. गावातल्या शाळेत चाकांच्या खुर्चीवरून मुलांना स्नॅप करायला शिकवतो, म्हणायचा. चौथ्या हिवाळ्यात पत्र आलं ते रूथचंच. न्यूमोनिया झाला आणि आठवड्याभरात गेला. तिने लिहिलं होतं, "तो सगळ्यांना सांगायचा की टोकियोत एका बाईने मला थांब म्हणून सांगितलं होतं, मीच ऐकलं नाही. तुम्ही त्याला सांगितलंत, त्याबद्दल आमच्या घरातर्फे तुमचे आभार मानायचे राहून गेले होते."

त्या पत्राला मी उत्तर लिहिलं. चार ओळींचं, सांत्वनाचं, जसं लिहितात तसं. पुढे इथली परीक्षा देऊन मला परवाना मिळाला आणि आता मी स्वतः पेशंट तपासते. कुणी म्हणालं की घरी सांगू नका, कोचना सांगू नका, तर मी त्याच्यासमोरच फोन उचलते. लोक म्हणतात मेधा-सान फार कडक आहेत.

मी त्याला सांगितलं होतं, ही गोष्ट खरी आहे. रूथला अजून एक गोष्ट लिहायला हवी होती, ती मी लिहिली नाही. मी त्याची दुभाषी म्हणून संघाने मला एक नंबर दिला होता, संघाच्या डॉक्टरांच्या घरचा. तो आमच्या फ्रिजच्या दारावर चिकटवलेला होता. त्या तीन आठवड्यांत मी ते दार रोज उघडत होते.