स्वयंपाकघरातले कप

कामेइदोच्या कालव्यामागे एक चिंचोळी गल्ली आहे. तिथे उसुईंचा काच कापायचा कारखाना आहे. कारखाना म्हणायचा म्हणून म्हणायचा. पुढे पाण्याची धार सोडलेली तीन चाकं, मागे एक बसायची खोली, त्यामागे स्वयंपाकघर, संपलं. सगळ्या तोक्योतली बडी गिऱ्हाइकं या घरातले पेले पेटीत घालून नेतात, आणि या घराच्या स्वतःच्या स्वयंपाकघरात मात्र एकही धड पेला नाही.

कपाटात साठ-सत्तर कप आहेत. निळे, लाल, दोन हिरवे. एकाची रेघ केसभर तिरकी गेलेली. एकाच्या बुडाशी सोळा पाकळ्यांची शेवंती काढायची होती, तिथे सतरा झाल्या. परक्या माणसाला यातलं काही दिसत नाही. विजेचा मीटर बघायला येणाऱ्या पोराला एकदा निळ्या कपातून सातूचा गार चहा दिला, तर तो दोन्ही हातांनी कप धरून उभाच राहिला. खाली ठेवायची हिंमत होईना. शेवटी किनुए म्हणाली, "प्या हो, चुकलेला आहे तो."

चुका सगळ्या तिच्याच. किनुए या घरची सून, वय त्रेसष्ट.

सासरे तोकुमात्सु, या गोष्टीच्या वेळी एकोणनव्वद वर्षांचे. गल्ली त्यांना उस्ताद म्हणायची. त्यांच्या चुका कपाटात सापडणार नाहीत, कारण स्वतःचं काम बिघडलं की ते कोपऱ्यातल्या पत्र्याच्या पिंपात धरायचे आणि हातोडीचा एकच घाव घालायचे. सुनेचं बिघडलं की निमूट उचलून स्वयंपाकघरात नेऊन ठेवायचे. या दोन वागणुकींमागे एकच शब्द होता आणि त्या शब्दाने किनुएची चाळीस वर्षं खाल्ली.

शब्द साधा आहे, किरिको. ठोकळ्याचे कोपरे छाटले की जो आकार राहतो त्याला जुनी माणसं किरिको म्हणायची. पितृपक्षासारखे आमचे बोनचे दिवस येतात, तेव्हा छाटल्या कोपऱ्यांचा कागदी कंदील टांगतात, तोही किरिको. किनुएच्या माहेरी, नोतोच्या किनाऱ्यावर, उन्हाळ्याच्या जत्रेत घराएवढे उंच कंदील पुरुष खांद्यावर घेऊन नाचतात, ते किरिकोच. आणि तोक्योत कापून नक्षी काढलेली काच म्हणजे किरिको, मग ती कुणी का कापलेली असेना. लग्न ठरवताना किनुएची आई म्हणाली होती की एवढ्या लांब जातेयस, पण निदान शब्द तरी ओळखीचा आहे. हे उस्तादांच्या कानावर गेलं. सून घरात आली त्या दिवशी ते एवढंच म्हणाले, "इथे तो खांद्यावर घेऊन नाचत नाहीत."

म्हातारबुवा शब्दाच्या बाबतीत भलतेच कंजूष. बाजार ज्याला किरिको म्हणतो त्यातलं निम्म्याहून अधिक त्यांच्या लेखी 'कप' होतं. त्यांचा हिशेब असा: चुकलेल्या कपातून पाणी पिता येतं, कारण तो कपच असतो. चुकलेला किरिको काहीच नसतो. म्हणून कप कपाटात जातो आणि किरिको पिंपात. घरचा नियमही त्यावरच बेतलेला. उस्ताद ज्याला किरिको म्हणतील त्याच्याच बुडाला करणाऱ्याचं नाव कोरायचं. बाकीचा माल बिननावाचा जाईल आणि चांगला खपेल, त्याबद्दल तक्रार नाही.

किनुएला चाकावर कुणी हौसेने बसवलं नव्हतं. नवरा शिगेओ स्वभावाने देवमाणूस, पण हाताने अडाणी. पहिल्याच वर्षी त्याने चाकाला काचेऐवजी अंगठा लावला आणि तेव्हापासून तो पेट्या बांधतो, फोन घेतो. लग्नानंतरच्या दुसऱ्या हिवाळ्यात दुसरं कुणी नव्हतं म्हणून सून बसली. शिकवलं असं काही झालं नाही. उस्ताद मागच्या खोलीत, सरकता दरवाजा लावून, वर्तमानपत्र धरून बसायचे आणि चाकाचा आवाज ऐकायचे. मध्येच दाराआडून यायचं, "खोल." म्हणजे रेघ जास्त खोल चालली. किंवा, "उथळ." चाळीस वर्षांत शिकवणी म्हणून हे दोनच शब्द. दिवस चांगला गेला तर तेही नाहीत.

चिडायची ती. कधीकधी रात्री नवऱ्याला म्हणायची की तुझे वडील माझं काम बघतसुद्धा नाहीत. शिगेओ म्हणायचा, ऐकतात की. हे सांत्वन होतं की चेष्टा, ते तिला कधी कळलं नाही. तिचा पहिला कप, निळा, माशाच्या गाभोळीसारखी बारीक दाणेदार नक्षी काढलेला, एक रेघ शेजारच्या रेघेवर चढलेली, म्हाताऱ्याने जेवतानाची साके, म्हणजे तांदळाची दारू, प्यायला ठरवून टाकला होता. रोज संध्याकाळी तिची चूक तिच्या डोळ्यांसमोर तोंडाला लावायचे. मुद्दाम करतात, असं तिचं ठाम मत होतं.

मग उस्तादांचे कान गेले. त्यांनी ते कबूल केलं नाही. रोज त्याच वेळी, त्याच जागी, वर्तमानपत्र धरून बसत राहिले आणि अंदाजाने बोलत राहिले. एका दुपारी किनुए चाक बंद करून सोयाच्या पिठात घोळलेले मोचीचे, म्हणजे चिकट भाताचे, गोळे खात बसली होती, तर दाराआडून आवाज आला, "खोल." तिने तोंडातला घास गिळला आणि म्हणाली, "हो, बाबा." शिगेओला हसू आवरेना. तिने त्याच्याकडे असं बघितलं की तो पेट्या मोजायला निघून गेला.

त्या दिवसापासून तिला एका गोष्टीची धास्ती लागली. म्हातारा उद्या गेला तर तिला अडवणारं कुणी उरणार नव्हतं. हव्या त्या कपावर नाव कोरावं, हव्या त्या प्रदर्शनात पाठवावं. पण तो शब्द मग कोण म्हणणार? स्वतःच स्वतःला म्हणायचा, यासारखी लाजिरवाणी गोष्ट तिला सुचत नव्हती. तिला तो त्याच तोंडातून ऐकायचा होता. दुसऱ्या कुणाचं म्हणणं तिला नको होतं.

काच कापणाऱ्यांच्या संघटनेचं प्रदर्शन दर वर्षी जूनमध्ये असतं. संघटनेचे काझामा गल्लीगल्लीतून वस्तू गोळा करतात. पंचवीस वर्षं ते उसुईंकडे येतायत आणि दर वर्षी किनुएला विचारतायत, "यंदा तुमच्या नावाचं काही?" ती दर वर्षी मागच्या खोलीकडे बघायची. त्या वर्षी मात्र ती म्हणाली, "आहे. महिन्याने या." शिगेओच्या हातातली दोरी खाली पडली.

तिने काळी काच घेतली होती. निळ्या-लाल काचेत सोय असते. पेला चाकावर दाबला की आतल्या बाजूने बघता येतं, रेघ कुठे पोचली ते रंगातून दिसतं. काळ्यात आत डोकावलं तर अंधार. काळी काच कानाने आणि बोटाने कापावी लागते, म्हणून शहाणी माणसं तिच्या वाटेला जात नाहीत. किनुए गेली, त्याला कारण होतं. उस्ताद आता ऐकू शकत नव्हते आणि निळं काम डोळ्यांजवळ धरलं तरी त्यांना नीट दिसत नव्हतं. त्यांच्याकडे उरलं होतं ते डाव्या अंगठ्याचं नख. ज्या काचेत डोळस माणसालाही काही दिसत नाही, तिथे तरी उस्ताद आणि ती एका पातळीवर येणार होते.

बांबूच्या काडीने तिने काळ्यावर लाल रेघा आखल्या आणि गाभोळीच घातली, तीच पहिल्या कपाची नक्षी. एकोणतीस दिवस कापत होती. तेव्हा तिला एक गोष्ट कळली. चाकाचा आवाज जरा घोगरा झाला की तिचा हात आपोआप हलका व्हायचा. 'खोल' कुणी म्हणायच्या आधीच तिला ऐकू यायचं. दाराआडचे ते दोन शब्द चाळीस वर्षांत कधीतरी तिच्या कानात येऊन राहिले होते आणि तिला पत्ताही नव्हता. तिला बरं वाटलं आणि थोडं रडूही आलं. चाकावर पाण्याची धार चालू असते, तिथे रडण्याने काम अडत नाही.

तिसाव्या दिवशी फक्त शेवटची रेघ राहिली. काझामा दुसऱ्या दिवशी सकाळी यायचे होते. ती रेघ अर्ध्यावर असताना आवाज घोगरा झाला. अगदी थोडा, एका श्वासापुरता. तिने हात हलका केला, रेघ पुरी केली, चाक बंद केलं आणि कप पुसला. बोट फिरवून पाहिलं. बोटाला काही लागलं नाही. कान म्हणत होता, आहे. बोट म्हणत होतं, नाही. तिने बोटाचं ऐकायचं ठरवलं, कारण ते सोयीचं होतं.

संध्याकाळी जेवायच्या आधी तिने तो कप सासऱ्यांच्या पुढ्यात ठेवला. शिगेओ दारात येऊन उभा राहिला. उस्तादांनी कप डाव्या हातात घेतला, अंगठ्याचं नख खाचेत टेकवलं आणि एकेक रेघ फिरवायला सुरुवात केली. चाळीस वर्षांत पहिल्यांदा ते तिच्या कामाला एवढा वेळ देत होते. मिसोचं सूप गार झालं. नख कपाभोवती एकदा फिरलं, परत मागे आलं, आणि एका जागी थांबलं.

त्यांनी वर बघितलं.

"ऐकू आलं होतं?"

खोटं बोलून उपयोग नव्हता, आणि बहिऱ्या माणसाशी खोटं बोलायला ओरडावं लागतं. किनुएने मान हलवली. आलं होतं.

"मग आणलास कशाला?"

उस्ताद शिगेओकडे वळले. "हातोडी आण."

शिगेओ हातोडीकडे गेला नाही. त्याने दोन्ही हात जोडले, बायकोकडे बोट केलं, भिंतीवरच्या कॅलेंडरवर उद्याच्या तारखेवर बोट ठेवलं, आणि शेवटी स्वयंपाकघराकडे हात दाखवला. म्हणजे, ठेवू की बाबा तिकडे, साठ-सत्तर आहेत त्यात आणखी एक.

म्हाताऱ्याला हातवारे बरोबर समजले.

"स्वयंपाकघरात कप ठेवतात," ते म्हणाले. "हा किरिको आहे. वाईट आहे."

मग शिगेओची वाट न बघता ते स्वतःच उठले. भिंतीला धरत चाकांपर्यंत गेले, खुंटीवरची हातोडी काढली, काळा कप पिंपात धरला आणि एकच घाव घातला. परत येऊन बसले, आणि किनुएचा तो निळा कप पुढे करून साके मागितली.

किनुएने साके ओतली. मनातून ती संतापलेली होती. तीस दिवसांचं काम पिंपात गेलं होतं, यंदाचं प्रदर्शन गेलं होतं, आणि हा माणूस लोणच्याच्या मुळ्याचा तुकडा चावत बसला होता. आत जाऊन तिने झाडू घेतला, कारण दोन-चार तुकडे पिंपाबाहेर उडाले होते. ते सुपलीत भरताना, खाली वाकलेली असताना, उस्ताद नक्की काय बोलले ते तिच्या डोक्यात शिरलं. ती तशीच उकिडवी बसून राहिली. लग्नाच्या दिवशी झाला नव्हता एवढा आनंद तिला झाला. शिगेओने येऊन विचारलं, पाय दुखतोय का? ती म्हणाली, नाही, आणि त्याला जेवायला बसायला सांगितलं.

सकाळी काझामा पेटी घेऊन हजर. शिगेओने दारातच सांगितलं की यंदाही काही नाही, कप फुटला.

"कसा काय?"

"बाबांनी फोडला."

"हातोडीने? पिंपात?"

शिगेओने मान डोलावली. काझामा या धंद्यात जन्म काढलेला माणूस. त्यांनी पेटी खाली ठेवली, शिगेओला ओलांडून आत आले, चाकाशेजारी हात पुसत उभ्या असलेल्या किनुएसमोर कमरेत पूर्ण वाकले आणि म्हणाले, "अभिनंदन." तिनेही वाकून नमस्कार केला. मागच्या खोलीतून आवाज आला, "खोल." चाक बंद होतं. "हो, बाबा," ती म्हणाली.

उस्ताद त्या हिवाळ्यात गेले. झोपेत गेले, त्रास झाला नाही. पुढच्या जूनमध्ये उसुईंकडून एक काळा कप प्रदर्शनात गेला, बुडाला किनुएचं नाव कोरलेला. त्याच्याआधीचे तीन तिने स्वतःच फोडले. हातोडी आता तिच्या चाकाशेजारी टांगलेली असते. स्वयंपाकघरातल्या कपाटात नवा कप आलेला नाही, आणि तो पहिला निळा कप ती देवघरात सासऱ्यांच्या फोटोपुढे रोज भरून ठेवते.

कधी शाळेची पोरं कारखाना बघायला येतात. मास्तरीणबाई हटकून विचारतात की आजी, तुम्ही केलेला पहिला किरिको कुठला? किनुए कोपऱ्यातल्या पिंपाकडे बोट दाखवते आणि पोरांना सांगते, लांबूनच बघा, हात घालू नका.